ऐक! ऑडीच्या चार रिंगांमागची गोष्ट

१० मार्च १९८५. मेलबर्नचं क्रिकेट ग्राउंड, फ्लडलाइट्स लागलेत, भारताने फायनलमध्ये पाकिस्तानला आठ विकेटने हरवलंय आणि आपला मुंबईकर रवी शास्त्री 'चॅम्पियन ऑफ चॅम्पियन्स' ठरलाय. बक्षीस काय, तर एक गाडी. आणि मग जे झालं ते ज्यांनी बघितलंय ते आजही काल घडल्यासारखं सांगतात, शास्त्री स्टिअरिंगवर आणि बाकीची टीम त्या गाडीवर, कुणी बॉनेटवर, कुणी टपावर, आणि गाडी मैदानात चक्कर मारतेय. तेव्हा आपल्याकडे रस्त्यावर फियाट आणि अँबेसेडर, कुणाच्या दारात नवी मारुती आली तर गल्लीतली पोरं बघायला जायची, त्यामुळे ही लांबलचक गुळगुळीत गाडी नक्की कुठली हे कित्येकांना माहीतच नव्हतं. ऑडी १००. मला तर वाटतं महाराष्ट्रातल्या बहुतेक घरांत ऑडी हा शब्द पहिल्यांदा शिरला तो त्या दिवशी.

आता गंमत बघा. ही जी ऑडी १०० होती, तिचं पहिलं मॉडेल बनवायला मालकांची सरळसरळ मनाई होती, तरी ते बनलं. आणि ऑडी ज्या गावात जन्माला आली त्या गावात १९८५ साली ऑडीचा एक नटसुद्धा बनत नव्हता, कारण ते गाव दुसऱ्याच देशात गेलं होतं. आजची गोष्ट त्या गावाची आणि त्या मनाईची.

गावाचं नाव झ्विकाऊ. जर्मनीच्या पूर्वेला, सॅक्सनी प्रांतात. पण आपला हिरो तिथला नाही, तो पश्चिमेकडचा, मोझेल नदीकाठच्या विनिंगेन नावाच्या गावचा. ऑगस्ट हॉर्श, जन्म १८६८, लोहाराचा मुलगा. भात्यासमोर वाढलेला पोरगा, पुढे इंजिनियर झाला आणि १८९६ मध्ये मानहाइमला थेट कार्ल बेंझकडे कामाला लागला. हो तेच, ज्यांच्या नावातला बेंझ आपण आज मर्सिडीझच्या पुढे लावतो. तिथे गाड्या बनवायचा विभाग हॉर्श सांभाळायचा. पण त्याच्या डोक्यात स्वतःच्या कल्पना होत्या, आणि १८९९ मध्ये त्याने कोलोनला स्वतःची कंपनी काढली. मग ती हलवत हलवत १९०४ मध्ये झ्विकाऊला आणली. गाड्या चांगल्या बनायच्या, मजबूत, दणकट, लोक नाव काढायचे.

पण कंपनी मोठी झाली, भागधारक आले, संचालक मंडळ आलं, आणि जो माणूस रात्रंदिवस इंजिनाचा विचार करतो त्याचं आणि हिशोबाच्या वह्या बघणाऱ्यांचं पटेना. १९०९ च्या जूनमध्ये हॉर्श स्वतःच्याच नावाच्या कंपनीतून बाहेर पडला. चाळिशी झालेली. आणि एका महिन्यात त्याच गावात त्याने दुसरी कंपनी काढली, तीही हॉर्श याच नावाने! साहजिकच जुन्या कंपनीने कोर्टात खेचलं. आणि कोर्टाने सांगितलं की हॉर्श हे नाव जुन्या कंपनीचं आहे, तुम्ही वापरायचं नाही. स्वतःचं आडनाव, बापाने दिलेलं, आणि ते दुकानाच्या पाटीवर लावायची सोय नाही.

आता इथे जरा थांबूया, कारण हा प्रसंग मला या सगळ्या इतिहासात सगळ्यात जास्त आवडतो.

झ्विकाऊमध्ये फ्रान्झ फिकेन्चर म्हणून हॉर्शचे मित्र, त्यांच्या घरी सगळे जमलेत. नवीन नाव शोधायचंय. एक नाव सुचतंय, दुसरा नको म्हणतोय, पुन्हा सगळे गप्प. त्याच खोलीत एका कोपऱ्यात फिकेन्चर यांचा शाळकरी मुलगा हाइनरिख लॅटिनचा अभ्यास करत बसलाय. मोठ्यांचं बोलणं कानावर पडतंय, त्याला काहीतरी म्हणायचंय पण मोठ्या माणसांच्या मध्ये बोलायचं कसं, असं दोनतीनदा होतं, आणि शेवटी तो वडिलांना म्हणतो, 'ऑडिआतुर एट अल्टेरा पार्स.' लॅटिनमधलं हे कायद्याचं जुनं वचन आहे, अर्थ असा की दुसऱ्या बाजूचंही ऐकून घ्यावं. आणि मग विचारतो, हॉर्शऐवजी ऑडी म्हटलं तर?

झालं. जर्मनमध्ये 'हॉर्श' म्हणजे कान देऊन ऐक. लॅटिनमध्ये 'ऑडी' म्हणजे तेच, ऐक. कोर्टाने काढून घेतलेलं नाव त्या मुलाने दुसऱ्या भाषेतून जसंच्या तसं परत मिळवून दिलं. खुद्द हॉर्शने ही आठवण लिहून ठेवलीय. २५ एप्रिल १९१० ला ऑडी हे नाव कंपनीच्या रजिस्टरमध्ये चढलं. आज जगात कुठल्याही सिग्नलला ऑडी उभी असते तेव्हा त्या नावामागे एका शाळकरी पोराचं लॅटिनचं होमवर्क असतं, आणि खरं सांगायचं तर त्याचं ऐकून घेणारी मोठी माणसं त्या खोलीत होती हेही तेवढंच महत्त्वाचं.

नाव मिळालं, कामाने ते मोठं केलं. आल्प्सच्या डोंगरात त्या काळी फार कठीण रॅली व्हायची, दगडाधोंड्यांचे घाट, खडी चढण, आणि १९१२, १३, १४ असं सलग तीन वर्षं ऑडीच्या गाड्यांनी तिथे बाजी मारली. मग पहिलं महायुद्ध झालं. १९२० मध्ये हॉर्श झ्विकाऊ सोडून बर्लिनला गेला, आणि ऑडी हळूहळू गाळात गेली. गाड्या उत्तम, पण महाग, आणि युद्धानंतरच्या जर्मनीत घेणार कोण.

इथे एंट्री होते एका डॅनिश माणसाची, योर्गन स्काफ्टे रासमुसेन. याचा कारखाना झ्शोपाऊ नावाच्या छोट्या गावात. युद्धात याने वाफेवर चालणारी गाडी करायचा प्रयत्न केला, वाफेच्या गाडीला जर्मनमध्ये डाम्पफक्राफ्टवागन म्हणतात, म्हणून अक्षरं डी, के, डब्ल्यू. वाफेची गाडी काही जमली नाही पण अक्षरं टिकली. मग एक छोटंसं टू-स्ट्रोक इंजिन आलं, मुलांच्या खेळण्यात बसवायला, आणि तीच अक्षरं 'देस क्नाबेन वुन्श' झाली, म्हणजे पोराची इच्छा. मग त्याचंच मोटरसायकलचं इंजिन झालं आणि अर्थ बदलून 'दास क्लाइने वुंडर', छोटासा चमत्कार! आणि चमत्कार खराच, १९२० च्या दशकाच्या शेवटी डीकेडब्ल्यू ही जगातली सगळ्यात मोठी मोटरसायकल कंपनी होती. तर या रासमुसेनने १९२८ मध्ये ऑडी विकत घेतली. आणि १९३१ मध्ये ऑडीच्या झ्विकाऊच्या कारखान्यात एक छोटी स्वस्त गाडी बनवून घेतली, जिचं इंजिन पुढच्या चाकांना फिरवायचं. फ्रंट व्हील ड्राइव्ह. आज आपल्या रस्त्यावरच्या बहुतेक छोट्या गाड्या तशाच असतात, पण तेव्हा ही फार धाडसाची गोष्ट होती. ही छोटी गाडी लक्षात ठेवा, ती शेवटी परत येणार आहे.

मग जागतिक मंदी आली, आणि रासमुसेनच्या डोक्यावर कर्ज. मोठं कर्ज दिलेलं होतं सॅक्सनी प्रांताच्या सरकारी बँकेने. तिच्या लक्षात आलं की या कंपन्या एकेकट्या बुडणार आणि आपले पैसेही घेऊन बुडणार. मग २९ जून १९३२ ला बँकेने ऑडी, हॉर्श आणि डीकेडब्ल्यू यांना एकत्र बांधलं, आणि केम्निट्झच्या वांडरर कंपनीचा गाड्यांचा विभाग त्यात आणला. नाव ऑटो युनियन. चार कंपन्या, एकमेकीत अडकवलेल्या चार रिंग. म्हणजे आज जे चिन्ह श्रीमंतीचं म्हणून मिरवलं जातं ते मुळात कर्जातून तरायला चार जणांनी धरलेले हात आहेत. आणि अजून एक, ज्या हॉर्श कंपनीने ऑगस्ट हॉर्शला कोर्टात खेचलं होतं ती आणि त्याने रागाने काढलेली ऑडी, दोघी तेवीस वर्षांनी एका घरात आल्या.

पुढची काही वर्षं झगमगाटाची. ऑटो युनियनच्या रेसिंग गाड्या, फर्डिनांड पोर्शने डिझाइन केलेल्या, सोळा सिलिंडरचं इंजिन ड्रायव्हरच्या पाठीमागे, आणि त्या चालवायला बर्न्ड रोझमायरसारखा तरुण, ज्याने १९३७ मध्ये साध्या महामार्गावर ताशी ४०० किलोमीटरच्या वर वेग गाठला. पुढच्याच वर्षी जानेवारीत, पुन्हा तसाच विक्रम करताना, तो गेला. वय अठ्ठावीस. पण या रेसिंगमागे पैसा होता नाझी सरकारचा, हे सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. आणि युद्धात जे झालं ते त्याहून कितीतरी काळं आहे. ऑटो युनियनने हजारो लोकांना जबरदस्तीने राबवलं, त्यात छळछावण्यांतले कैदी होते. ऑडीने स्वतः इतिहासकारांकडून याचा अभ्यास करून घेतला, तो २०१४ मध्ये बाहेर आला, आणि त्यात स्पष्ट लिहिलंय की लाइटमेरिट्झच्या छावणीत मेलेल्या सुमारे ४,५०० कैद्यांची नैतिक जबाबदारी ऑटो युनियनवर येते. ४,५०० माणसं. ब्रँडचा इतिहास सांगताना हे पान उलटून पुढे जाणारे खूप आहेत, मला ते पटत नाही.

१९४५. जर्मनी हरली, झ्विकाऊ आणि केम्निट्झ रशियाच्या ताब्यात गेले. कारखान्यांतली मशिनं उचकटून काढली आणि गाड्या भरभरून सोव्हिएत युनियनला नेली. १९४८ मध्ये ऑटो युनियनचं नाव केम्निट्झच्या रजिस्टरमधून खोडलं गेलं. संपलं. कागदावर तरी संपलं.

पण कंपनीची काही माणसं पश्चिमेकडे निसटली होती. त्यांनी बव्हेरियात, इंगोलश्टाट नावाच्या गावी, लष्कराच्या जुन्या इमारतींमध्ये काय सुरू केलं, तर स्पेअर पार्ट्सचं गोदाम. कारण पश्चिम जर्मनीत जुन्या डीकेडब्ल्यू गाड्या हजारोंनी पळत होत्या आणि त्यांना पिस्टन पाहिजेत, गॅस्केट पाहिजेत, केबल पाहिजेत. कारखाना गेला, मशिनं गेली, पण गिऱ्हाईक राहिलं होतं! त्या गोदामातून ३ सप्टेंबर १९४९ ला नवी ऑटो युनियन उभी राहिली, एक छोटी डिलिव्हरी व्हॅन आणि एक १२५ सीसीची मोटरसायकल घेऊन. दोन्ही टू-स्ट्रोक, दोन्हींवर नाव डीकेडब्ल्यू. ऑडी नाव कुठेच नाही. ऑगस्ट हॉर्श १९५१ च्या फेब्रुवारीत वारला, ब्याऐंशी वर्षांचा होऊन, तेव्हा जगात एकही नवी ऑडी बनत नव्हती.

१९५८ मध्ये कंपनी डाइमलर-बेंझने घेतली, म्हणजे मर्सिडीझवाल्यांनी. आणि तिथे एक गोष्ट त्यांच्या लक्षात आली, की टू-स्ट्रोकचे दिवस भरलेत. आपल्याकडे ज्यांनी जुनी चेतक चालवलीय त्यांना वेगळं सांगायला नको, पेट्रोलमध्ये ऑइल घाला, मागून निळा धूर, प्लग साफ करा. जर्मनीत लोकांच्या हातात पैसा आला होता आणि त्यांना हे नको होतं. मग १९६३ मध्ये डाइमलरने आपला एक इंजिनियर इंगोलश्टाटला धाडला, लुडविग क्राउस. सोबत एक फोर-स्ट्रोक इंजिन. काम करून परत यायचं असं ठरलेलं, पण तो परत गेलाच नाही. १९६५ मध्ये ते इंजिन घातलेली गाडी आली, आणि डीकेडब्ल्यू म्हटलं की लोकांना धूर आठवतो म्हणून पंचवीस वर्षं पडून असलेलं नाव बाहेर काढलं, ऑडी.

तोवर मालक पुन्हा बदलले, कंपनी फोक्सवॅगनकडे गेली. फोक्सवॅगनचे प्रमुख हाइनरिख नॉर्डहॉफ यांना ऑडी नकोच होती, त्यांना कारखाना हवा होता, त्यांची बीटल ही छोटी गाडी बनवायला. इंगोलश्टाटमध्ये तीन लाखांहून जास्त बीटल बनल्या. आणि नॉर्डहॉफनी हुकूम काढला, नवीन मॉडेलवर काम बंद. म्हणजे इंजिनियरनी काय करायचं, तर दुसऱ्याची गाडी जोडत बसायचं.

क्राउसने हुकूम ऐकला आणि काम चालू ठेवलं. गुपचूप. आजच्या भाषेत बोलायचं तर नोकरी पणाला लावून. एक मोठी, हलकी, देखणी गाडी, तिची चित्रं, तिचं मातीचं मॉडेल. इंगोलश्टाटचे प्रमुख रुडॉल्फ लायडिंग, जे फोक्सवॅगननेच पाठवलेले, त्यांना हे कळलं. आता ते हे प्रकरण वरती कळवून संपवू शकले असते. त्यांनी उलट क्राउसला साथ दिली आणि नॉर्डहॉफकडे परवानगी मागितली ती 'बॉडीमध्ये थोडा बदल करायचाय' म्हणून! शेवटी नॉर्डहॉफनी गाडी बघितली आणि हो म्हणाले. हे मला त्यांचंही मोठेपण वाटतं. १९६८ च्या शेवटी गाडी बाजारात आली, १०० हॉर्सपॉवरची म्हणून नाव ऑडी १००. आठ लाखांच्या वर खपली. ती नसती तर ऑडी आज फोक्सवॅगनच्या एका जुन्या कारखान्याचं नाव असतं, बास. आणि तिचीच पुढची पिढी, १९८२ ची, ती शास्त्रीला मिळाली.

१९६९ मध्ये नेकार्सउल्मची एनएसयू ही गाड्यांची कंपनी जोडली गेली, ते सगळं सांगत बसत नाही. पण १९७७ च्या हिवाळ्याचं सांगायलाच पाहिजे.

फिनलंड, सगळीकडे बर्फ, ऑडीची टीम टेस्टिंगला गेलीय. सोबत फोक्सवॅगनची एक लष्करी जीप, इल्टिस, फक्त ७५ हॉर्सपॉवर. आणि ही मरतुकडी जीप बर्फात ऑडीच्या दुप्पट ताकदीच्या गाड्यांना मागे टाकतेय, कारण तिची चारही चाकं ओढतात. चासिसचा इंजिनियर यॉर्ग बेन्झिंगर परत आला आणि डेव्हलपमेंटचे प्रमुख फर्डिनांड पिएश यांना म्हणाला, हेच आपण साध्या रस्त्यावरच्या वेगवान गाडीत का करू नये? पिएश म्हणजे फर्डिनांड पोर्शचा नातू. तो हो म्हणाला. १९७८ च्या जानेवारीत ऑस्ट्रियातल्या टुराखर होए नावाच्या घाटात, बर्फाने भरलेल्या चढावर, साधे उन्हाळी टायर लावलेली त्यांची गाडी फोक्सवॅगनच्या वरिष्ठांसमोर सरळ वर चढून गेली.

पण एक घोळ होता आणि तो पकडला एका बाईंनी. फोक्सवॅगनचे एर्न्स्ट फियाला यांनी ती गाडी व्हिएन्नाला घरी नेली, त्यांच्या पत्नी ती घेऊन गावात गेल्या, आणि आल्यावर म्हणाल्या, पार्किंग करताना ही गाडी उड्या मारते. बरोबरच होतं. वळताना पुढची चाकं मोठ्या गोलात फिरतात, मागची छोट्या, दोन्ही एकमेकांना घट्ट जखडली तर टायर घासणार आणि गाडी उचकणार. मध्ये डिफरन्शियल पाहिजे, म्हणजे ताकद वाटूनही द्यायची आणि पुढच्या-मागच्यांना आपापल्या वेगाने फिरूही द्यायचं. ट्रकमध्ये त्यासाठी वेगळी जड पेटी असते. ऑडीच्या इंजिनियरनी काय केलं, गिअरबॉक्समधला एक शाफ्ट पोकळ केला. बांबूची नळी घ्या आणि तिच्या आत एक बारीक काठी घाला, तसं. नळीतून ताकद मागे डिफरन्शियलपर्यंत जाते, तिथे वाटणी होते, एक वाटा मागच्या चाकांना, आणि दुसरा वाटा त्याच नळीच्या पोटातल्या काठीवरून उलटा पुढच्या चाकांकडे येतो. वेगळी पेटी नको, वजन नको. वीतभर लांबीचा तो पोकळ दांडा. ३ मार्च १९८० ला जिनिव्हात जगाने ही गाडी बघितली, क्वात्रो.

मग रॅलीचं जगच बदललं. १९८१ मध्ये इटलीत सानरेमोला मिशेल मुताँने क्वात्रो चालवत वर्ल्ड रॅली चॅम्पियनशिपमधली शर्यत जिंकली, असं करणारी पहिली बाई. अमेरिकेतल्या पाइक्स पीकच्या धुळीच्या घाटावरही १९८५ मध्ये तीच पहिली आली.

आणि त्याच अमेरिकेत पुढच्या वर्षी ऑडीवर कुऱ्हाड कोसळली. ऑडी ५०००, म्हणजे तीच आपली १००, आपोआप सुसाट सुटते अशा तक्रारी टीव्हीवर आल्या. सरकारी चौकशीचा निष्कर्ष १९८९ मध्ये आला, की बहुतेक वेळा ब्रेकऐवजी ॲक्सिलरेटरवर पाय पडत होता. पण तोवर उशीर झाला होता, १९८५ मध्ये तिथे वर्षाला सुमारे ७४ हजार ऑडी खपत होत्या, १९९१ पर्यंत त्या १२ हजारांवर आल्या. तेव्हा बहुतेक चूक ऑडीची नव्हती. २०१५ मध्ये डिझेल गाड्यांच्या धुराच्या चाचणीत केलेली फसवणूक उघड झाली तेव्हा मात्र होती, पूर्ण होती, आणि कंपनीचे माजी प्रमुख रुपर्ट श्टाडलर यांना २०२३ मध्ये कोर्टाने दोषी ठरवलं. ज्या कंपनीचं नाव 'ऐक' आहे तिच्यात कुणीतरी वेळेवर कुणाचं तरी ऐकायला पाहिजे होतं.

आपल्याकडे ऑडी जोडली जाते ती छत्रपती संभाजीनगरजवळ, शेंद्रा एमआयडीसीत, सुटे भाग बाहेरून येतात आणि आपली पोरं ती गाडी उभी करतात. आणि शास्त्रीची ती १९८५ ची गाडी २०२२ मध्ये मुंबईत नव्यासारखी करून त्यांना परत दाखवली, तेव्हाचा त्यांचा चेहरा बघण्यासारखा होता.

आता पुन्हा झ्विकाऊला जाऊया. ते गाव पूर्व जर्मनीत राहिलं. ऑडी आणि हॉर्शचे कारखाने सरकारी झाले, आणि १९५७ पासून तिथे एक छोटी गाडी बनू लागली, ट्राबांट. पत्रा मिळत नव्हता म्हणून बॉडी कापसाच्या टाकाऊ धाग्यांवर रेझिन दाबून केलेली. टू-स्ट्रोक इंजिन, पुढच्या चाकांना ताकद. ओळखलंत? रासमुसेनच्या १९३१ च्या छोट्या गाडीची नात. इकडे इंगोलश्टाटमध्ये मूठभर माणसांनी आणि पैशाने ऑडी मोठी केली, आणि तिकडे तेच हात, तेच कसब, पण सरकार नवं इंजिन करू देत नाही म्हणून तीस वर्षं तीच गाडी. तरी लोक नंबर लावून दहा-दहा वर्षं थांबायचे, आपल्याकडे स्कूटरसाठी थांबायचे तसे. तीस लाखांहून जास्त ट्राबांट तिथे बनल्या.

१९८९ मध्ये बर्लिनची भिंत पडली. आणि त्या शेवटच्या दिवसांत ट्राबांटला अखेर फोर-स्ट्रोक इंजिन मिळालं, फोक्सवॅगन पोलोचं. पण पोलोचं म्हणायचं तरी ते इंजिन पहिल्यांदा आलं होतं १९७४ मध्ये ऑडी ५० या छोट्या गाडीत. गाव सोडून गेलेल्या ऑडीचं इंजिन झ्विकाऊत परत आलं, आणि बसलं कुठे, तर ट्राबांटमध्ये. ३० एप्रिल १९९१ ला शेवटची ट्राबांट तिथल्या लाइनवरून खाली उतरली.